टेकडीवरून दिसणारं गाव

रफूवाल्या काकूंचं काम दिसलं, की ते बिघडलं असं समजायचं. कोटाच्या कोपराला पडलेलं भोक, लोकरीच्या शालीत उंदरानं पाडलेली खिडकी, सिगारेटनं जळलेली बाही, असलं काहीही त्यांच्यापुढे यायचं आणि चार दिवसांनी असं परत जायचं, की मालक कापड उजेडात धरून भोक शोधत बसायचा. सापडलं नाही की काकू खूश. "शोधा, शोधा," म्हणायच्या, "सापडलं तर पैसे देऊ नका." चौतीस वर्षांत पैसे न देता गेलेलं गिऱ्हाईक एकच, आणि ते काकूंच्या मते मुळातच चालू होतं.

हे सगळं चालायचं एका लाँड्रीच्या मागच्या खोलीत. पुढे इस्त्रीवाले, मध्ये हँगरला लटकलेले लोकांचे कपडे, आणि सगळ्यात मागे भिंतीकडे तोंड करून काकू. खिडकी नाही. डोक्यावर एक ट्यूबलाइट, तीही लहरी. काळ्या कापडावर काळा धागा घालायचा तो त्या मिणमिणाटात. डोळ्यांची पार वाट लागली होती. घरी आल्या की म्हणायच्या, "उत्तरेकडे एक खिडकी असती ना, तर मी अजून वीस वर्षं काढली असती. उत्तरेचा उजेड दिवसभर सारखा असतो. त्यात रंग फसवत नाहीत." हे त्या रोज म्हणायच्या म्हटलं तरी चालेल. ऐकायला घरात एकच माणूस होता, आणि तो ऐकतोय असं कधी वाटायचं नाही.

तो माणूस म्हणजे काका. काका फरशी बसवायचे. चाळीस वर्षं लोकांच्या घरांत उकिडवं बसून गुडघे असे गेले, की डॉक्टरांनी सांगितलं, आता खाली बसायचं नाव काढायचं नाही. "फरशी काय उभ्यानं बसवतात?" काका म्हणाले, आणि काम सुटलं. मग सहा महिने माणूस खुर्चीत बसून समोरच्या भिंतीकडे बघत राहिला. काकूंना वाटलं, हा आता असाच जाणार.

त्यातून त्यांना बाहेर काढलं पुतणीनं. ती शिकत होती, आणि तिचा नि तिच्या दोस्तांचा एक खेळ होता. ब्राउझर उघडायचा, पत्ता टाकायचा की खेळ सुरू. त्यात एक सगळं जग ठोकळ्यांचं. माती खणायची, दगड फोडायचे, वाहून आणायचे आणि एकावर एक ठेवून हवं ते बांधायचं. तीसेक जण आपापल्या घरी बसून त्याच एका जगात फिरायचे, एकमेकांशी टाइप करून बोलायचे. हे जग ज्या दूरच्या मशीनवर राहायचं त्याला म्हणायचं सर्व्हर, आणि तो पुतणीनं चालवायला घेतला होता. तिनं आपला जुना कॉम्प्युटर काकांच्या घरी आणून खिडकीजवळ ठेवला, काकांना पुढ्यात बसवलं आणि माउस हातात दिला.

पहिल्या दिवशी काकांनी एक भिंत बांधली आणि पाडली.

"का हो पाडली?" पुतणीनं विचारलं.

"ओळंब्यात नव्हती."

"काका, ठोकळे सरळच असतात!"

"तुला दिसतात सरळ," काका म्हणाले, आणि पुन्हा बांधायला लागले.

झालं, माणूस लागला नादी. काकूंनी कपाळावर हात मारला. "लोकांचे नवरे म्हातारपणी पेपर वाचतात," त्या म्हणायच्या, "आमचे ठोकळे रचतात." पण मनातून त्यांना बरंच वाटत होतं. निदान भिंतीकडे बघणं थांबलं होतं.

आता काका ऑपरेटर कसे झाले तेही सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्याच्यावरच आहे. साध्या खेळाडूला सगळं हातानं करावं लागतं. ऑपरेटरला मात्र एक ओळ टाइप केली की काहीही करता येतं: हवा तो ठोकळा हवेतून काढायचा, कुणाला बाहेर हाकलायचं, अख्खा डोंगर पुसायचा. तर त्या पोरांत एकदा भांडण पेटलं. एका गड्याकडे सोनंच सोनं, आणि बाकीच्यांच्या हाती माती. काकांनी दोन दिवस त्याच्या मागे फिरून नुसतं बघितलं आणि म्हणाले, "हा खणताना एकदाही चुकत नाही. जो चुकत नाही तो खणत नाहीये. याला आतलं दिसतंय." आणि तसंच निघालं. त्यानं आपल्या ब्राउझरवर एक मॉड चढवलं होतं. मॉड म्हणजे वरून लावलेली जोडणी. खेळ सगळ्यांचा तोच, पण ते ज्याच्या कॉम्प्युटरवर असेल त्याला तो वेगळा दिसतो. त्या गड्याला जमीन आरपार दिसत होती, बाकी कुणाला नाही. पोरांनी एकमतानं ठरवलं, की ऑपरेटर आजोबाच पाहिजेत.

काका जाम खूश झाले. पण त्या अधिकारानं स्वतःसाठी एक ठोकळाही काढला नाही. नदीपलीकडे त्यांनी एक गाव बांधायला घेतलं ते सगळं स्वतः खणून, स्वतः वाहून. अंगणांतल्या फरश्यासुद्धा एकेक करून बसवल्या. चालताना गुडघा दुखत नव्हता ना तिथे!

एके संध्याकाळी काकू काळ्या ओव्हरकोटाशी दिवसभर झटून घरी आल्या. डोळ्यांची आग होत होती. काका म्हणाले, "अगं, ये ना जरा. पाच मिनिटं. गावात तुझ्यासाठी एक खोली केलीय."

काकूंचं टाळकंच सरकलं. "मला खोटी खोली दाखवताय? आयुष्यभर लोकांच्या घरी फरश्या बसवल्यात, आपल्या मोरीतली फुटकी फरशी बारा वर्षं तशीच आहे. तिथं पाय कापतो माझा. तो खरा आहे."

दुसऱ्या दिवशी काकू कामावर गेल्या आणि हे गृहस्थ त्या गुडघ्यांनी मोरीत बसले. फरशी बदलली. उठायला एक तास लागला, दोनदा पडले, हे त्यांनी सांगितलं नाही. शेजारणीनं सांगितलं. काकू मोरीच्या दारात उभ्या राहून त्या एका नव्या फरशीकडे बघत होत्या, तर मागून आवाज आला, "आता येशील?"

काकूंना इतकी लाज वाटली, की चटकन हो म्हणवेना. "सवडीनं बघेन हो," त्या म्हणाल्या. मग जरा विचार करून, "आपल्या लग्नाच्या वाढदिवसाला बघते. नक्की."

"बरं," काका म्हणाले. "तोवर कुणाला आत सोडत नाही."

त्यांनी गावाच्या वेशीवर पाटीच लावली: आत कुणी जायचं नाही. आधी ती येईल, मग तुम्ही. पोरांनी त्यावर काकांची यथेच्छ थट्टा केली. पण आजोबांचा शब्द. कुणी आत गेलं नाही.

तीन आठवड्यांनी सकाळी दाढी करता करता काका कोसळले. दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. लग्नाचा वाढदिवस अजून साडेसहा महिने लांब होता.

महिन्याभरानं पुतणी आली. म्हणाली, "काकू, सगळे म्हणतायत, काकांची जागा तूच घे. ऑपरेटर हो." काकू म्हणाल्या, "मला काय येतंय त्यातलं!" पण शिकल्या. सुईत दोरा ओवणाऱ्याला चिकाटी शिकवावी लागत नाही. दुपारी एक ते चार लाँड्री बंद असायची. घरी येऊन डबा घ्यायचा आणि काकांच्या खुर्चीत बसायचं, असा नेम पडला. पोरं त्यांना आजी म्हणू लागली.

नदीच्या अलीकडे एक टेकडी होती. तिथून काकांचं गाव दिसायला हवं होतं, पण दिसायचं नुसतं धुकं. "तुझ्या आसपासचं तेवढंच सर्व्हर पाठवतो," पुतणीनं समजावलं. "लांबचं पाठवत नाही. थांब, तुला एक मॉड लावून देते. चोरटं नाही, सगळे वापरतात. हे काय करतं, एकदा बघितलेलं लक्षात ठेवतं आणि मग लांबूनही दाखवतं. नुसतं वरवरचं हं, छपरं आणि भिंती. आणि हे फक्त तुझ्या कॉम्प्युटरवर. बाकीच्यांना यातलं काही दिसणार नाही." तिनं काकूंचा खेळाडू नदीच्या काठाकाठानं एकदा फिरवून आणला, परत टेकडीवर उभा केला, आणि धुक्यातून काकांचं गाव वर आलं. पाणचक्की, पूल, घरांच्या तीन ओळी, आणि शेवटी एकटी उभी असलेली एक लहान खोली. तिची पाठ टेकडीकडे होती. दार पलीकडून.

"आत मी नाही जात," पुतणी म्हणाली. "पाटी आहे. तू जा, एकटीच जा."

काकूंनी मान हलवली. मॉडचं ते सगळं त्यांनी ऐकलं, समजलंही, आणि गाव दिसल्याबरोबर विसरल्या.

त्या आत गेल्या नाहीत.

लोकांना वाटेल, का नाही गेल्या बाई? तर काकूंच्या मनात असं होतं, की यांनी मला सांगायचं राहिलेलं एवढं एकच आहे. ते बघितलं, की यांचं माझ्याशी बोलणं संपलं. मग उरलं काय? लग्नाच्या वाढदिवसाला म्हटलंय ना, तर वाढदिवसालाच. तोवर रोज दुपारी त्या टेकडीवर उभ्या राहायच्या. पाठमोऱ्या खोलीकडे बघत डब्यातलं जेवायच्या. कधी कधी बोलायच्यासुद्धा. "आज त्या वकिलाचा कोट आला बरं का पुन्हा. तिसऱ्यांदा. काय करतो देव जाणे." हे त्यांनी कुणालाही सांगितलं नाही, पुतणीला तर नाहीच. काय म्हणेल पोरगी?

ऑपरेटर म्हणून मात्र काकू कडक निघाल्या. कुणी शिवी दिली की दिवसभर बाहेर. दर शनिवारी, न चुकता, सगळ्या जगाची एक प्रत जपून ठेवायची असते, तीही त्याच ठेवायच्या. काका विसरायचे म्हणे. काकू एकदाही विसरल्या नाहीत.

दोन-अडीच महिने गेले आणि खेळ अडखळायला लागला. पाऊल टाकलं की चार सेकंदांनी पडायचं. पोरं कटकट करायला लागली. काकूंनी पुतणीला फोन लावला. ती नव्या नोकरीत रुजू झाली होती, घाईत होती. "काकू, जग फार फुगलंय. लोक लांब लांब जाऊन अर्धवट बांधून सोडून देतात. एक हुकूम आहे, तो टाक. किती दिवसांत जिथं कुणी पाऊल ठेवलं नाही, तेवढा भाग तो पुसतो. पुन्हा कोरी जमीन. साठ दिवस टाक."

काकूंनी विचारलं, "गावाला काही होणार नाही ना?"

"तू तर रोज तिथंच असतेस ना?"

इथे, या एका ठिकाणी, काकूंनी तोंड उघडायला हवं होतं. अगं, मी टेकडीवर असते, आत पाऊल नाही ठेवलं मी, एवढं म्हणायचं होतं. पण मग का नाही ठेवलं ते सांगावं लागलं असतं. आणि टेकडी म्हणजे काय परगाव थोडंच? समोरच तर दिसतं.

"हो," काकू म्हणाल्या. "रोज असते."

त्यांनी हुकूम टाकला. साठ. चष्मा वर करून, एकेक अक्षर तपासून टाकला. जग पाच मिनिटं थिजलं, मग मोकळं झालं. काकू पहिल्यांदा धावल्या त्या टेकडीकडे. गाव होतं. पाणचक्की, पूल, तीन ओळी, खोली. हुश्श! त्यांनी पदरानं कपाळ पुसलं. पोरांनी "आजी झिंदाबाद" लिहून पडदा भरून टाकला. त्या दुपारी काकू बऱ्याच दिवसांनी हसल्या.

त्यानंतर अकरा आठवडे ठीक गेले. अकरा शनिवार प्रत ठेवली. लग्नाच्या वाढदिवसाला बारा दिवस उरले, तशा काकू मनातल्या मनात तयारीला लागल्या होत्या.

त्या दुपारी टेकडीवर एक नवा खेळाडू आला. नाव घेतलं होतं बेडूक. जरा उड्या मारून झाल्यावर त्यानं लिहिलं, "आजी, तुम्ही रोज इथं का उभ्या असता?"

"गाव बघते," काकूंनी लिहिलं.

"कुठलं गाव?"

"नदीपलीकडचं. डोळे आहेत ना?"

"पलीकडे तर नुसतं गवत आहे."

काकूंना वाटलं, टवाळी करतोय कार्टा. "बघ हं," त्यांनी ताकीद दिली.

"आजी, आईशप्पथ गवत आहे. मी आत्ताच तिथून आलो."

काकूंनी त्याला हाकलला. एक ओळ, आणि बेडूक बाहेर. आत्ताच तिथून आलो म्हणे! पाटी दिसली नाही का याला?

मग जुन्यांपैकी एकाची ओळ उमटली. त्याला सगळे चष्मा म्हणायचे, काकांचा लाडका होता. बराच वेळ तो नुसता टाइप करत असल्याची खूण दिसत राहिली.

"आजी, त्याची चूक नाही. तिथं खरंच गवत आहे. साफसफाई झाली त्या दिवसापासून. आम्हाला वाटलं, तुम्हाला बघवत नाही म्हणून तुम्हीच मुद्दाम पुसलंत. म्हणून कुणी विषय काढला नाही."

काकूंनी ते वाचलं आणि समोर बघितलं. गाव होतं. उन्हात छपरं चमकत होती. एकाला भूल पडेल, दोघांना पडेल? त्यांनी टेकडी उतरायला सुरुवात केली. पहिल्यांदाच. उतार संपला, नदीचा काठ आला, पुलाकडे चार पावलं टाकली, आणि पूल नव्हता. पडला नाही, फुटला नाही, आवाज नाही. होता, आणि मग पाणी होतं. काकू पाण्यातून पुढे गेल्या. पाणचक्की गेली. वेशीवरची पाटी गेली. घरांची पहिली ओळ डावीकडून उजवीकडे, कुणी फडक्यानं पुसावी तशी गेली, आणि खाली जे राहिलं ते गवत.

काकू जागच्या जागी थांबल्या. मग मागे सरकल्या, भराभर, टेकडीपर्यंत. गेलेलं परत आलं नाही. उरल्या होत्या दोन ओळी आणि खोलीची पाठ. दुपारचे साडेतीन झाले होते. चारला त्या लाँड्रीत गेल्याच नाहीत. काका गेले ते दिवस सोडले, तर चौतीस वर्षांत हे पहिल्यांदा.

पुतणी दुसऱ्या दिवशी सुट्टी टाकून आली. खुर्चीत बसली, दहा मिनिटं टिकटिक केलं आणि तिचा चेहरा उतरला. "काकू, हे जे दिसतंय ना, ते फक्त या कॉम्प्युटरच्या आठवणीत आहे. तुझ्या मॉडनं पहिल्या दिवशी बघितलं ते. सर्व्हरवर काही नाही. तू जवळ गेलीस की सर्व्हर खरी जमीन पाठवतो, आणि खरं आलं की मॉड जुनं टाकून देतं."

"पण मी रोज..."

"तू आत जात नव्हतीस?"

काकूंनी मान खाली घातली. "नाही."

"एकदासुद्धा?"

"वाढदिवसाला जाणार होते."

पुतणीनं तोंडावर हात घेतला. मग एकदम ताठ झाली. "थांब! प्रती आहेत की! शनिवारच्या." ती एकेक प्रत उघडायला लागली. मागच्या शनिवारची, गवत. त्याच्या आधीची, गवत. काकू तिच्या खांद्याला धरून उभ्या होत्या, इतक्या घट्ट, की पोरीला दुखलं असेल. आठव्या प्रतीतही गवतच होतं, आणि नववी नव्हती.

"जागा आठचीच असते," पुतणी हळूच म्हणाली. "नववी ठेवली की सगळ्यात जुनी जाते."

"म्हणजे मी विसरले असते तर..."

काका विसरायचे. काका असते तर त्या जुन्या प्रतीत गाव अजून असतं. काकूंनी नेमानं, एकही शनिवार न चुकवता, स्वतःच्या हातानं ते बाहेर ढकललं होतं.

मग पुतणी डोळे पुसून म्हणाली, "काकू, उरलंय त्यावरून मी बांधून देते. ऑपरेटरचा हुकूम आहे, तासाभराचं काम. गेलेल्या ओळी मला आठवतात. कुणाला कळणारसुद्धा नाही."

"मला कळेल," काकू म्हणाल्या. "रफूला धागा त्याच कापडातला लागतो. आतल्या शिवणीतून उसवून घ्यायचा. आतलं कापडच नसेल तर मी गिऱ्हाइकाला परत पाठवते. तू भिंती उभ्या करशील गं. खोलीत काय ठेवशील?"

पुतणीला ते माहीत नव्हतं. कुणालाच माहीत नव्हतं.

तरी काकूंच्या डोक्यात एक किडा वळवळायला लागला. तीस पोरं, सगळी आगाऊ. एकानं तरी पाटी न जुमानता आत डोकावलं असेल की! एरवी नियम मोडला म्हणून त्यांनी कितींना हाकललं होतं. आता दिवसभर काळ्या कोटावर वाकून त्या एकच मागणं मागत होत्या, की कुणीतरी एक नालायक निघू दे. एकाला तरी लाज नसू दे.

लग्नाच्या वाढदिवसाच्या दुपारी त्या टेकडीवर गेल्या. बेडकाला त्यांनी आधीच परत घेतलं होतं आणि त्याची माफीही मागितली होती. सगळ्यांना कळवून ठेवलं होतं, एक वाजता या. पोरं आली. टेकडीवर दाटीवाटीनं, त्यांना न दिसणाऱ्या गावाकडे तोंड करून उभी राहिली.

काकूंनी लिहिलं, "आजोबांच्या खोलीत कुणी डोकावलं होतं का? खरं सांगा. मी रागावणार नाही. उलट."

पुढचं काय लिहावं ते त्यांना सुचलं नाही. तेवढंच पाठवलं.

"नाही आजी."

"नाही. पाटी होती ना."

"मी पुलाच्या पुढे कधीच गेले नाही."

"शप्पथ नाही आजी. आजोबांना शब्द दिला होता."

एकामागून एक ओळी येत राहिल्या. काकू प्रत्येक नावापाशी थांबून वाचत होत्या. प्रत्येकजण आपण कसे गुणाचे ते अगदी प्रामाणिकपणे सांगत होता, आणि काकूंना प्रत्येकाच्या एक थोबाडीत द्यावीशी वाटत होती.

शेवटी चष्म्यानं लिहिलं. "आजी, मी एकदा दारापर्यंत गेलो होतो. पाटी लागायच्या आधी. आजोबा आत फरशी बसवत होते. मी पाय टाकणार तेवढ्यात ओरडले, थांब रे, तिच्याआधी कुणी बघायचं नाही. मग मी दाराकडे पाठ करून उभा राहिलो. आत काय होतं ते नाही बघितलं."

अजून एक ओळ आली.

"उजेड मात्र खूप बाहेर येत होता. मी विचारलं, आजोबा, दिवे किती लावलेत आत? म्हणाले, एकही नाही. उत्तरेला खिडकी काढलीय."

काकूंनी ती ओळ पुन्हा वाचली. चौतीस वर्षं हा माणूस ऐकत होता. खुर्चीत बसून, भिंतीकडे बघून, हो नाही न म्हणता, रोज ऐकत होता. आणि शेवटी त्यानं ये म्हटलं, तर सवडीनं.

त्यांना मोठ्यानं रडू फुटलं. टेकडीवरच्या पोरांना ते कळलं नाही. त्यांना आजींचा खेळाडू तसाच, न हलता, गवताकडे बघत उभा दिसत होता.

समोर दोन ओळी आणि खोलीची पाठ अजून होती. आणखी तीस-चाळीस पावलं टाकली असती तर तीही गेली असती. काकूंनी टाकली नाहीत. कॉम्प्युटर चालूच ठेवला, त्यावर एक फडकं टाकलं आणि चारला लाँड्रीत गेल्या. वकिलाचा कोट येऊन पडला होता. त्यांनी ट्यूबलाइट लावली, ती लुकलुकून स्थिर होईपर्यंत वाट बघितली आणि भिंतीकडे तोंड करून बसल्या.